ठेक्याची अट आणि न्यायालयाची पायरी



चिखलीच्या बाजारात सोमवार असो की शुक्रवार, हर्रास हा शब्द लहान पोरालाही कळतो. कापसाची गाडी उभी राहते, व्यापारी भोवती जमतात, एकजण भाव बोलतो, दुसरा त्यावर चढवतो आणि शेवटच्या बोलीला माल सुटतो. ज्याच्या खिशात पैसा, त्याचा माल. हिशेब उघड्यावर असतो, आणि फसवणूक झाली तर निदान चारचौघांदेखत होते.

सरकारचा ठेका मात्र असा सुटत नाही. रस्ता, तलाव, शाळेची खोली, दवाखान्यातले दूध, एस.टी.चे टायर, अंगणवाडीतला खाऊ, या सगळ्यांसाठी वर्तमानपत्रात बारीक अक्षरांत एक जाहिरात येते. आपण ती वाचत नाही, पान उलटतो. तीत लिहिलेले असते की अमुक कामासाठी सीलबंद निविदा मागविण्यात येत आहेत, आणि लगेच खाली अटी येतात : इतक्या वर्षांचा अनुभव हवा, इतक्या रुपयांची उलाढाल हवी, अमुक वर्गातली नोंदणी हवी, इतकी अनामत रक्कम भरलेली हवी. सगळ्यात शेवटी, कोणतेही कारण न देता कोणतीही किंवा सर्व निविदा नाकारण्याचा अधिकार राखून ठेवण्यात आला आहे, असे एक वाक्य असते.

आज मला या शेवटच्या वाक्याची आणि त्यावरच्या अटींची हकीकत सांगायची आहे. अटी कोण घालतो, त्या कोणाला आत घेतात, कोणाला बाहेर ठेवतात, आणि बाहेर राहिलेल्या माणसाने न्यायालयाची पायरी चढली तर न्यायाधीश काय बघतात, एवढाच विषय आहे. विषय वकिलांचा वाटेल, पण त्याची झळ कास्तकाराच्या घरापर्यंत येते.

जरा मागे जाऊ. आपला हा घाटावरचा मुलूख, म्हणजे जुन्या कागदांतला वऱ्हाड-बालाघाट, १८५३ पर्यंत हैदराबादच्या निजामाच्या अमलाखाली होता. तेव्हा सर्वात मोठा सरकारी ठेका म्हणजे सरकारसाऱ्याच्या वसुलीचा. त्याला इजारा म्हणत. जो जास्त रक्कम कबूल करील त्याला तालुका लावून द्यायचा, मग त्याने रयतेकडून किती काढावे हे दरबार विचारीत नसे. इजारदाराने पैसे भरले, तो वसुलीला निघाला, तोवर दुसऱ्याने दरबारात बोली चढवली की पहिल्याचे गेले. मग दोघेही त्याच गावात वसुलीला हजर, आणि मधे कोण तर कुणबी. दिवाण चंदूलाल यांच्या काळात वऱ्हाडातला बराच मुलूख पेस्तनजी नावाच्या पारशी पेढीकडे कर्जाच्या पोटी लावून दिला होता. ही पेढी काही लुंगीसुंगी नव्हे. वऱ्हाडचा कापूस मुंबईला मोठ्या प्रमाणावर पाठविण्याची सुरुवात करणाऱ्यांपैकी ती होती. १८४३ मध्ये चंदूलाल दिवाणगिरीवरून गेले, आणि १८४५ मध्ये पेस्तनजींनाही मुलखाचा ताबा सोडावा लागला. एवढ्या मोठ्या पेढीची ही गत, तर लहान इजारदाराने कोणाकडे दाद मागावी? दाद मागायला जागाच नव्हती. ठेका ही दरबारची मर्जी होती, आणि मर्जीला अपील नसते.

१८५३ च्या तहाने वऱ्हाड इंग्रजांकडे आले. पुढे मोजणी झाली, रयतवारी आली, इजारे संपले. सडका, पूल, कचेऱ्या बांधायला सीलबंद निविदांची पद्धत आली. ती हर्रासापेक्षा शिस्तीची खरी, पण मुळातली समजूत फारशी बदलली नाही. सरकार ठेका देताना एखाद्या घरमालकासारखे वागते, असे कायदा मानी. तुम्ही घर रंगवायला कोणता रंगारी बोलवावा हे जसे तुमचे तुम्ही ठरवता, तसेच सरकारने ठरवावे. जाहिरातीतले ते शेवटचे वाक्य या समजुतीतूनच आले आहे.

१९५० मध्ये राज्यघटना लागू झाली. चौदाव्या कलमाने कायद्यापुढे सर्वांना समान लेखण्याचे बंधन राज्यावर घातले, आणि दोनशे सव्विसाव्या कलमाने उच्च न्यायालयाला सरकारविरुद्ध आज्ञा काढण्याचा अधिकार दिला. कोणालाही वाटेल की आता ठेकेदाराला वाट मिळाली. पण लगेच मिळाली नाही. केरळातल्या कण्णूर येथील सरकारी इस्पितळाला दूध पुरविण्याच्या ठेक्याचा वाद पन्नाशीच्या दशकाच्या अखेरीस सर्वोच्च न्यायालयात गेला. निविदा आधी एकाची मान्य झाली, मग ती रद्द होऊन काम सहकारी दूध संस्थेला गेले. न्यायालय म्हणाले की सरकारने आपल्याशीच करार करावा असा हक्क कोणालाच नाही, आणि दोघांतून एकाला निवडले म्हणून समानतेचा भंग होत नाही. म्हणजे घटना आली तरी घरमालक आणि रंगारी तसेच उभे होते.

ही भिंत हळूहळू खचली. १९७४ मध्ये बंगालमधले एक प्रकरण आले. सिंकोनापासून होणाऱ्या औषधाच्या विक्रीतून एका व्यापारी संस्थेला सरकारने काळ्या यादीत टाकले होते, आणि तिचे म्हणणेही ऐकून घेतले नव्हते. त्या वेळी न्यायालयाने सांगितले की ठेका मिळण्याचा हक्क कोणाला नसला, तरी इतरांच्या बरोबरीने रांगेत उभे राहण्याचा हक्क आहे. सरकार व्यापार करीत असले तरी ते सरकारच असते.

आणि मग सांताक्रूझचे उपाहारगृह आले. या प्रकरणावर मी थोडा रेंगाळणार आहे, कारण पुढचे सगळे त्याच्यावर उभे आहे.

जानेवारी १९७७ मध्ये मुंबईच्या विमानतळावर दुसऱ्या वर्गाचे एक उपाहारगृह आणि अल्पोपाहाराच्या दोन टपऱ्या तीन वर्षांसाठी चालवायला द्यायच्या होत्या. भारतीय आंतरराष्ट्रीय विमानतळ प्राधिकरणाने जाहिरात दिली. अट अशी की निविदा भरणारा दुसऱ्या वर्गाचा नोंदणीकृत हॉटेलवाला असावा आणि त्याला निदान पाच वर्षांचा अनुभव असावा. २५ जानेवारी ही शेवटची तारीख. खाली आपले ओळखीचे वाक्य होतेच : विमानतळ संचालक कोणतीही निविदा स्वीकारायला बांधलेले नाहीत.

सहा निविदा आल्या. पाच अपुऱ्या होत्या किंवा त्यांतले आकडे फारच कमी होते. सहावी पुरी होती, आणि तिच्यात महिना ६,६६६ रुपये ६६ पैसे देण्याची तयारी होती. प्राधिकरणाला ती पसंत पडली. पण गंमत अशी की हा गृहस्थ मोठमोठ्या कंपन्यांची उपाहारगृहे दहा वर्षे चालवीत असला, तरी दुसऱ्या वर्गाचा नोंदणीकृत हॉटेलवाला नव्हता. अनुभव दांडगा होता, पण अटीत बसणारा नव्हता. तरीही ठेका त्यालाच मिळाला.

अर्ज घेऊन उच्च न्यायालयात गेले ते रमण दयाराम शेट्टी. त्यांनी निविदा भरलीच नव्हती, आणि त्यांची तक्रार नेमकी तीच होती. ते म्हणाले, मी अटीत बसत नव्हतो म्हणून मी भरली नाही. अट मोडली तरी चालते हे मला आधी कळले असते, तर मीही भरली असती.

शाळेतल्या मुलांना शिक्षकांनी हा मुद्दा अवश्य सांगावा, त्यांना तो लगेच कळतो. धावण्याच्या शर्यतीत बारा वर्षांखालच्यांनीच नाव द्यावे असे मास्तरांनी सांगितले. तेरा वर्षांचा मुलगा मुकाट्याने बाजूला बसला. शर्यत झाल्यावर बक्षीस दिले चौदा वर्षांच्या मुलाला. धावलेल्यांवर अन्याय झाला हे तर दिसतेच, पण बाजूला बसलेल्यावरही झाला, तो सहसा कोणाच्या लक्षात येत नाही.

उच्च न्यायालयाने अर्ज फेटाळला. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले आणि ४ मे १९७९ रोजी निकाल झाला. तो न्यायमूर्ती पी. एन. भगवती यांनी लिहिला. प्राधिकरणाची बाजू अशी होती की ही अट कायद्याने घातलेली नाही, ती आम्हीच घातली, म्हणून आम्ही ती सोडू शकतो. शिवाय सगळ्या निविदा नाकारून थेट बोलणी करायला आम्ही मोकळे होतो, तेव्हा यात बिघडले काय? न्यायालयाने हे मानले नाही. जी कसोटी सरकारने स्वतः जाहीर केली तिला सरकार बांधलेले आहे, ती कायद्याने लादलेली असो वा स्वतः घालून घेतलेली असो. पात्रतेची अट म्हणजे नुसती सदिच्छा नव्हे. हे तत्त्व अमेरिकेतल्या एका जुन्या निकालातून घेतलेले होते, पण भगवतींनी ते आपल्या चौदाव्या कलमाला जोडून दिले. त्यांनी असेही म्हटले की आजचे सरकार परवाने, कोटे, जमिनी, ठेके वाटणारा मोठा दाता झाले आहे. लाखो लोकांची रोजीरोटी या वाटपावर चालते, तेव्हा खाजगी माणसासारखी मनाला येईल त्याला खैरात करता येणार नाही. आणि सरकार म्हणजे फक्त मंत्रालय नव्हे, सरकारच्या हाताने चालणारी महामंडळेही त्यात आली.

आता तुम्ही विचाराल की शेट्टींना काय मिळाले? काही नाही. न्यायालयाने ठेका देण्याची रीत चूक ठरवली, पण ठेका रद्द केला नाही. अर्ज नोव्हेंबर १९७७ मध्ये आला होता. तोपर्यंत ठेकेदाराने सामानसुमानावर सुमारे सव्वा लाख रुपये घातले होते, आणि शेट्टी हे खरोखर ठेका हवा असलेले गृहस्थ नसून दुसऱ्या कोणासाठी पुढे झालेले दिसतात असेही न्यायालयाला वाटले. म्हणजे ज्याच्या नावाने हा कायदा ओळखला जातो तो मनुष्य दावा हरला. आपल्याकडे कोर्टात जाणे म्हणजे जिंकणे किंवा बुडणे एवढेच लोक समजतात, म्हणून हे मुद्दाम सांगितले. आणि उशीर केला की खरी बाजूही लंगडी पडते, हेही लक्षात असू द्या.

या निकालानंतर पुष्कळांना वाटले की आता प्रत्येक निविदा कोर्टातच उघडली जाणार. तसेही झाले नाही, आणि न्यायाधीशांनीच ते होऊ दिले नाही. १९९४ मध्ये मुंबई, दिल्ली वगैरे शहरांतल्या मोबाईल टेलिफोनच्या परवान्यांचा वाद आला, तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने स्वतःची मर्यादा आखून घेतली. न्यायालय निर्णय कसा घेतला ते तपासते, निर्णय स्वतः घेत नाही. न्यायाधीशाला टेलिफोनचे तंत्र कळत नाही, आणि कळल्याचा आवही त्याने आणू नये.

ही मर्यादा आपल्या विदर्भातल्याच एका कामात स्पष्ट दिसली. नागपूरजवळ खापरखेडा येथे औष्णिक वीज केंद्र आहे. तिथल्या तिसऱ्या आणि चौथ्या संचांसाठी मोठ्या व्यासाचे नळ टाकण्याचे काम महाराष्ट्र राज्य विद्युत मंडळाने काढले. तशाच कामाच्या अनुभवाची अट होती. मंडळाने एका कंपनीसाठी ती शिथिल केली. दुसरी कंपनी उच्च न्यायालयात गेली आणि काम थांबले. सांताक्रूझचा निकाल वाचलेला कोणीही म्हणेल की मंडळ हरणार. पण डिसेंबर १९९८ मध्ये न्यायमूर्ती सुजाता मनोहर यांनी लिहिलेल्या निकालाने स्थगिती उठली. का? कारण तक्रार करणारी कंपनीही त्या अटीत काटेकोरपणे बसत नव्हती. जी सवलत आपल्यालाही लागते, ती दुसऱ्याला दिली म्हणून रडता येत नाही. शिवाय वीज केंद्राचे काम एक दिवस थांबले की खर्च वाढतो आणि वीज उशिरा येते, ते ओझे शेवटी जनतेवरच पडते. म्हणून दोन धंदेवाल्यांच्या भांडणात स्थगिती देण्यापूर्वी लोकांचे किती नुकसान होईल हे तोलावे, आणि दावा खोटा ठरला तर नुकसान दावेदाराकडून भरून घेण्याची तजवीज आधीच करावी, असे न्यायालयाने बजावले. ज्या कास्तकाराने रात्री दोन वाजता पंपासाठी विजेची वाट पाहिली आहे, त्याला हा निकाल समजावून सांगायची गरज नाही.

अट कडक असली की ती वाईटच, असेही समजू नये. कर्नाटकाच्या परिवहन महामंडळाने बसच्या टायरांसाठी अशी अट घातली होती की वाहनांच्या कारखान्यांना टायर पुरविणाऱ्या, मोठ्या उलाढालीच्या कंपन्यांनीच निविदा भरावी. लहान कंपनीने तक्रार केली, पण २०१२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अट टिकवली. घाटात टायर फुटला तर काय होते ते मेहकर किंवा बुलढाण्याच्या एस.टी.ने जाणाऱ्याला विचारा. न्यायालयाने त्या वेळी दोन प्रश्न पुढे ठेवले, ते आधीच्या निकालांतूनच आलेले होते. एक, ही अट कोणाला तरी झुकते माप देण्यासाठी घातली आहे काय, किंवा ती इतकी तऱ्हेवाईक आहे काय की कोणताही शहाणा अधिकारी ती घालणार नाही? दुसरा, यात लोकहिताला बाध येतो काय? दोन्हींची उत्तरे नाही अशी आली, तर न्यायालयाने हात लावू नये.

अटीचा अर्थ लावण्याबाबतही तेच. नागपूर मेट्रोच्या उन्नत मार्गाच्या कामात एका भागीदारीने चीनमधल्या आंतरशहर जलद रेल्वेच्या पुलाचा अनुभव दाखवला. मेट्रो महामंडळ म्हणाले की ही मेट्रो नव्हे. नागपूरच्या खंडपीठाला महामंडळाचे म्हणणे पटले नाही, पण सप्टेंबर २०१६ मध्ये सर्वोच्च न्यायालय म्हणाले की निविदा ज्याने लिहिली त्याला तिचा अर्थ अधिक कळतो. लबाडी किंवा उघड विपर्यास असल्याशिवाय कोर्टाने आपला अर्थ त्यावर बसवू नये. माझ्या मते इथे काटा सरकारच्या बाजूला जरा जास्तच झुकला. लिहिणाऱ्यालाच अर्थ लावू दिला, तर वाचणाऱ्याने काय वाचायचे? पण आज कायदा असा आहे.

या सगळ्यात आपल्या अंगणापर्यंत आलेले प्रकरण अंगणवाडीचे. एकात्मिक बालविकास योजना १९७५ मध्ये सुरू झाली. तिच्यातला आहार कोणी पुरवावा, यावर सर्वोच्च न्यायालयाने अन्नाच्या हक्काच्या दाव्यात ७ ऑक्टोबर २००४ रोजी सांगून ठेवले होते की अंगणवाडीच्या पोषणात ठेकेदार आणू नयेत. गावातली मंडळी, महिला मंडळे, बचत गट यांच्याकडून धान्य घ्यावे आणि शिजवून घ्यावे. आदेश साधा आणि चांगला. पण कागदावर बचत गट आणि मागे ठेकेदार, अशी वाट काढता येते, आणि पात्रतेची अट हे त्याचे सोयीचे हत्यार आहे.

महाराष्ट्र सरकारने ८ मार्च २०१६ रोजी, म्हणजे नेमक्या महिला दिनी, घरपोच आहाराच्या पुरवठ्याची निविदा काढली. कितीतरी बालविकास प्रकल्प एकत्र बांधून मोठे पुरवठा-विभाग केले होते. विभाग मोठा म्हणून उलाढालीची अटही मोठी. जाहिरातीत बायकांना बंदी आहे असे कुठेही लिहिलेले नव्हते. फक्त आकडे असे होते की दहावीस बायकांनी आठवड्याला पैसे टाकून चालवलेला गट त्या दारातून आत शिरूच शकत नव्हता.

हेच अटीचे वैशिष्ट्य आहे. बोली चढवणारा इजारदार डोळ्यांना दिसे, आकडा दिसत नाही. समजा, चार गावांच्या चार शाळाखोल्या बांधायच्या आहेत. चार निविदा काढल्या तर तालुक्यातला लहान गुत्तेदार एखादी भरील. चारही एकत्र करून एकच निविदा काढली, की अनुभव चौपट, अनामत चौपट, उलाढाल चौपट, आणि लहान गुत्तेदार घरी. कोणाचे नावही घ्यावे लागत नाही.

राज्यातल्या काही महिला बचत गटांनी हे आव्हान दिले. उच्च न्यायालयातून ते सर्वोच्च न्यायालयात गेले आणि २६ फेब्रुवारी २०१९ रोजी निकाल लागला. वैष्णोराणी महिला बचत गट विरुद्ध महाराष्ट्र राज्य असे त्याचे नाव आहे. न्यायालयाने त्या अटी रद्द केल्या, त्यांखाली दिलेले ठेके रद्द केले आणि चार आठवड्यांत नवी निविदा काढायला सांगितले. लहान गटांना बाहेर ढकलून मोठ्या उद्योगांना आत घेणाऱ्या या अटी २००४ च्या आदेशाच्या हेतूलाच छेद देणाऱ्या आहेत, असा त्याचा आशय. टायरच्या निकालात मोठेपणाची अट प्रवाशाच्या जिवासाठी होती म्हणून टिकली. इथे योजनेचे प्रयोजनच गावच्या बायकांनी गावच्या पोरांना खाऊ घालण्याचे होते, म्हणून मोठेपणाची अट पडली. अट योजनेच्या कामाची असेल तरच ती तगते.

एक गोष्ट मात्र खुपते. जाहिरात २०१६ ची, निकाल २०१९ चा. जाहिरात निघाली तेव्हा जे पोर रांगत होते, ते निकालाच्या वेळी अंगणवाडीत जाऊन बसले होते.

आता व्यवहाराचे चार शब्द. बुलढाणा जिल्ह्यातल्या माणसाला असा अर्ज करायचा तर नागपूरला जावे लागते. चिखलीहून छत्रपती संभाजीनगर जवळ, तिथेही खंडपीठ आहे, पण आपला जिल्हा नागपूर खंडपीठाच्या कक्षेत येतो. वऱ्हाड पूर्वी मध्यप्रांताला जोडलेले होते, नागपूरला १९३६ मध्ये उच्च न्यायालय झाले, आणि महाराष्ट्र १९६० मध्ये झाल्यावर तिथे मुंबई उच्च न्यायालयाचे खंडपीठ राहिले. म्हणून ही लांबची वाट आपल्या वाट्याला आली. ती धरण्यापूर्वी जाहिरात निघाल्याच्या दिवसापासून कागद जपा. निविदेपूर्वी शंका विचारण्यासाठी बैठक ठेवलेली असेल, तर अटीवरची हरकत तिथेच लेखी द्या आणि पोच घ्या. आधी गप्प राहून निविदा भरायची, हरल्यावर अट वाईट म्हणायची, असे केले की न्यायालयाला ते रुचत नाही. आता निविदा संगणकावर निघतात, शुद्धिपत्रकेही तिथेच लागतात. गावातल्या एखाद्या शिक्षकाने बचत गटाच्या बायकांना ते पान महिन्यातून एकदा उघडून वाचून दाखवले, तर पुष्कळ काम होईल. वाचताना पहिल्या पानावरची रक्कम नव्हे, पात्रतेचे पान आधी काढा. आणि शेवटचे ते वाक्य अजून तिथे छापलेले असेल, तेही वाचा.